प्रेम, कुळ आणि निरोप : नारुसे मिकिओ यांचा मूकपट ‘कागिरीनाकी होदो’

जपानी साहित्याचा परिचय करून देणाऱ्या ग्रंथांत दोन शब्द वारंवार जोडीने येतात : ‘गिरी’ आणि ‘निन्जो’. पहिल्याचा अर्थ ‘कर्तव्य’ व दुसऱ्याचा ‘मानवी भावना’ असा देण्याची प्रथा पडली आहे. आणि या दोहोंमधील संघर्ष हा जपानी नाट्याचा स्थायी विषय होय, असे विधान त्यापाठोपाठ येते. हे विधान खोटे नाही. परंतु ते इतके सर्वसाधारण आहे की त्याच्या आधारे एखादी विशिष्ट कलाकृती समजून घेऊ जाता हाती फारसे काही लागत नाही. प्रेम आणि कुळाविषयीचे कर्तव्य यांचा झगडा कोणत्या समाजाच्या वाङ्मयात नाही? प्रश्न असा आहे की हा झगडा कोणत्या काळी, कोणाच्या जीवावर आणि कोणाच्या तोंडून मांडला जातो. या प्रश्नाचे एक विलक्षण स्पष्ट उत्तर नारुसे मिकिओ (१९०५–१९६९) यांच्या ‘कागिरीनाकी होदो’ या १९३४ सालच्या मूकपटात मिळते. या नावाचा अर्थ ‘न संपणारी फरसबंद वाट’ असा होईल.

१

भारतीय अभ्यासकाची पहिली अडचण भाषांतराची असते. ‘गिरी’ हा शब्द ऐकताच त्याच्या मनात ‘धर्म’ ही संज्ञा उभी राहते, आणि कुलधर्म, पतिधर्म, स्त्रीधर्म अशी सगळी मालिका तिच्यामागून येते. हे साम्य फसवे आहे. ‘धर्म’ या संकल्पनेत व्यक्तीचे स्थान आधी ठरलेले असते आणि त्या स्थानावरून तिचे आचरण ठरते. ‘गिरी’मध्ये स्थानाला महत्त्व आहेच, पण तिचा गाभा ऋणाचा आहे. कोणी आपल्यासाठी काही केले, काही सोसले, त्याची फेड करणे भाग आहे, ही ती जाणीव होय. हे ऋण केवळ वडीलधाऱ्यांचे वा धन्याचेच असते असे नाही.

याचे उत्तम उदाहरण चिकामात्सु मोन्झाएमोन (१६५३–१७२५) यांच्या नाटकात सापडते. ‘सोनेझाकी शिन्जू’ (१७०३) या बाहुलीनाट्याने प्रेमी युगुलाच्या सहमरणाचा विषय ओसाकाच्या रंगभूमीवर रुजविला. पुढे ‘शिन्जू तेन नो आमिजिमा’ (१७२१) या नाटकात त्यांनी त्याला फार सूक्ष्म रूप दिले. कागदाचा व्यापारी जिहेइ हा कोहारू नावाच्या गणिकेत गुंतलेला आहे. त्याची पत्नी ओसान कोहारूला पत्र लिहून नवऱ्याला सोडण्याची विनवणी करते, आणि कोहारू ती मान्य करते. पुढे कोहारू आता प्राण देणार हे ओसानच्या ध्यानी येते, तेव्हा तीच आपली व मुलांची वस्त्रे गहाण टाकून कोहारूची सुटका करण्यास पुढे सरसावते. कारण तिच्या शब्दाखातर एका स्त्रीने आपले सर्वस्व सोडले आहे. तिला मरू देणे हा ऋणाचा द्रोह ठरेल. येथील ‘गिरी’ कुळाची नाही, शास्त्राने सांगितलेली नाही. ती परस्परांच्या सवती ठरणाऱ्या दोन स्त्रियांमधील आहे. म्हणूनच ‘गिरी’ आणि ‘निन्जो’ यांच्यामध्ये सरळ रेघ ओढता येत नाही. खरी गिरी भावनेतूनच उगवते. भावनेचा आधार तुटला म्हणजे मात्र तिचे केवळ बंधन उरते.

ही शेवटची गोष्ट लक्षात ठेवणे अगत्याचे आहे. कारण नारुसे यांचा मूकपट नेमका याच तुटलेल्या आधाराविषयी आहे.

२

चिकामात्सुंच्या काळातील कुळ आणि १९३४ सालचे कुळ यांत एक मोठा फरक पडला होता. १८९८ मध्ये अमलात आलेल्या मेइजी दिवाणी संहितेने ‘इए’ म्हणजे कुळ ही संस्था कायद्याची पायाभूत संस्था ठरविली. प्रत्येक कुळाला एक प्रमुख असे, आणि कुळातील कोणाही व्यक्तीच्या विवाहाला त्याची संमती लागे. त्याखेरीज पुरुषाला वयाच्या ३० वर्षांपर्यंत आणि स्त्रीला २५ वर्षांपर्यंत आईवडिलांची संमती घ्यावी लागे. विवाह म्हणजे स्त्रीने एका कुळाच्या नोंदीतून दुसऱ्या कुळाच्या नोंदीत जाणे. जुन्या सामुराई घराण्यांची रीत अशा प्रकारे साऱ्या राष्ट्राचा कायदा झाली. जे पूर्वी एका वर्गाचे वळण होते, ते आता दुकानदार, कारकून, शेतकरी अशा सर्वांवर लागू झाले. आणि त्याला ‘आपली प्राचीन परंपरा’ असे नाव मिळाले.

याच काळात दुसऱ्या बाजूने शहर वाढत होते. १ सप्टेंबर १९२३ च्या भूकंपाने आणि त्यानंतरच्या आगीने तोक्योचा मोठा भाग नष्ट झाला. पुनर्रचनेनंतर गिन्झा हा भाग नव्या नागरी जीवनाचे प्रतीक बनला : रुंद पदपथ, मोठमोठी दुकाने, चित्रपटगृहे, उपाहारगृहे. या उपाहारगृहांत काम करणाऱ्या तरुण मुली स्वतःच्या कमाईवर जगत, अनेकदा घरच्यांनाही पोसत. कायद्याच्या दृष्टीने त्या कोणत्यातरी कुळाच्या होत्या. रस्त्यावर मात्र त्या एकट्या चालत. कायदा आणि रस्ता यांच्यातील ही फट म्हणजे ‘कागिरीनाकी होदो’चे कथाक्षेत्र होय. शीर्षकात घर नाही, फरसबंद वाट आहे, ही गोष्ट अर्थशून्य नव्हे.

३

मूकपटाविषयी बोलताना आणखी एक गैरसमज दूर केला पाहिजे. जपानमधील मूकपट प्रेक्षकांच्या दृष्टीने मूक नव्हताच. पडद्याच्या बाजूला ‘बेन्शी’ उभा राही. तो कथा सांगे, पात्रांचे संवाद आवाज बदलून म्हणे आणि प्रसंगावर भाष्यही करी. अनेक प्रेक्षक नटांच्या नव्हे तर बेन्शीच्या नावावर चित्रपटगृह निवडीत. या प्रथेची मुळे चिकामात्सुंच्याच रंगभूमीत आहेत. बाहुलीनाट्यात बाहुल्या मुक्या असतात; त्यांचे हसणे, रडणे, विनवणे हे सर्व ‘तायू’ नावाचा एकच गायक-निवेदक आपल्या कंठातून उभे करतो. देह एकीकडे आणि वाणी दुसरीकडे, ही रचना जपानी प्रेक्षकाला दोनशे वर्षे परिचित होती. पडद्यावरील छाया आणि तिच्या शेजारचा बेन्शी यांत त्याला काही अपुरे वाटण्याचे कारण नव्हते.

जपानमध्ये मूकपट इतर अनेक देशांच्या तुलनेने उशिरापर्यंत टिकला, त्याच्या कारणांत बेन्शींची ही लोकप्रियता व त्यांचा संघटित विरोध यांचा समावेश होतो. शोचिकु कंपनीने गोशो हेइनोसुके यांच्या दिग्दर्शनाखाली ‘मादामु तो न्योबो’ हा यशस्वी बोलपट १९३१ मध्येच काढला. तरी त्यानंतर काही वर्षे मूकपट निघतच राहिले. १९३२ मध्ये नोकऱ्या गमावणाऱ्या बेन्शींनी संप केला; तो यशस्वी झाला नाही. दिग्दर्शक कुरोसावा आकिरा यांचे थोरले बंधू हेइगो हे बेन्शी होते आणि या संपात पुढाकार घेणाऱ्यांपैकी होते. १९३३ मध्ये त्यांनी आत्महत्या केली. एका कलाप्रकाराचा अस्त ही केवळ तांत्रिक घटना नसते, हे सांगण्यास एवढा दाखला पुरे आहे.

‘कागिरीनाकी होदो’ हा या अस्तकाळातील मूकपट होय. १९२० मध्ये शोचिकुच्या कामाता येथील चित्रशाळेत दाखल झालेले आणि १९३० पासून दिग्दर्शन करणारे नारुसे यांचा हा शेवटचा मूकपट. त्यांच्या २४ मूकपटांपैकी आज केवळ पाच उपलब्ध आहेत, आणि हा त्यांतील अखेरचा. त्याची कथा कितामुरा कोमात्सु यांच्या वृत्तपत्रीय कादंबरीवरून घेतलेली आहे. वर उल्लेखिलेल्या पहिल्या बोलपटाची पटकथाही याच कितामुरांची. हा मूकपट पुरा करून नारुसे १९३४ मध्येच शोचिकु सोडून बोलपट काढणाऱ्या दुसऱ्या कंपनीत गेले.

४

कथा अशी : सुगिको (ही भूमिका शिनोबु सेत्सुको यांनी केली आहे) ही गिन्झामधील एका उपाहारगृहात काम करते आणि आपल्या भावासह राहते. तिच्यापुढे एकाच वेळी दोन वाटा उघडतात. एका चित्रपट कंपनीचा माणूस तिला नटी होण्याचे आमंत्रण देतो. आणि तिचा मित्र हारादा, ज्याच्या घरचे लोक त्याच्या लग्नासाठी अधीर झाले आहेत, तो तिच्याकडून निर्णय मागतो. त्याला भेटण्यास निघाली असता सुगिकोला एका मोटारीचा धक्का लागतो. मोटार चालविणारा तरुण यामानोउची हिरोशी हा धनवान घराण्यातील आहे. हारादाची भेट हुकते, तो गैरसमजाने गावी निघून जातो. इकडे हिरोशी जखमी सुगिकोची विचारपूस करता करता तिच्या प्रेमात पडतो आणि घरच्यांची इच्छा डावलून तिच्याशी विवाह करतो.

येथवरची कथा वृत्तपत्रीय कादंबरीच्या परिचित साच्यातील आहे. गरीब मुलगी आणि श्रीमंत तरुण यांचा विवाह हा अशा कथेचा शेवट असतो. नारुसे यांच्या मूकपटात तो मध्य आहे. यामानोउचींच्या घरात सासू आणि नणंद यांना ही सून कुळाला बट्टा वाटते. हे वैर भांडणाच्या रूपाने क्वचितच प्रकट होते. ते नजरेत असते, मध्येच थांबलेल्या संभाषणात असते, सुनेच्या वागण्याबोलण्यातील एखाद्या उण्यावर ठेवलेल्या बोटात असते. मूकपटाला असा छळ दाखविणे विशेष साधते. कारण ज्यात शब्द मोजकेच असतात अशा छळाला ध्वनीची उणीव जाणवत नाही. सुगिकोवर प्रेम करणारा हिरोशी दुष्ट नाही. परंतु आई आणि पत्नी यांपैकी कोणापुढेही तो पूर्ण उभा राहू शकत नाही, आणि आपल्या दुबळेपणावर त्याने मद्याचा उतारा शोधला आहे. घरच्यांविरुद्ध विवाह करण्याइतके धैर्य त्याच्यापाशी होते. विवाहानंतरच्या रोजच्या दिवसांना लागणारे धैर्य त्याच्यापाशी नाही.

उपकथानक हे याच विषयाचे दुसरे अंग होय. सुगिकोने नाकारलेली चित्रसृष्टी तिची मैत्रीण केसाको स्वीकारते आणि तेथून भ्रमनिरास होऊन परतते. म्हणजे श्रीमंताचे घर आणि चित्रपट कंपनी, गरीब मुलीला वर उचलण्याचे वचन देणाऱ्या या दोन्ही संस्था आपले वचन पाळीत नाहीत. चित्रपटाने स्वतःच्याच धंद्याविषयी असे बोलावे, यात एक कडू विनोद आहे. सुगिको आणि हिरोशी एकदा चित्रपटगृहात लुबिच यांचा ‘द स्मायलिंग लेफ्टनंट’ (१९३१) पाहतात, या प्रसंगातही तोच विनोद आहे. व्हिएन्नामधील त्या कथेत सामान्य घरची वादक मुलगी आपला प्रियकर अखेर राजकन्येच्या स्वाधीन करून हसतमुखाने बाजूला होते. तो चित्रपट बोलपट आहे आणि त्यात गाणी आहेत. तो ज्या चित्रपटाच्या आत दिसतो तो मात्र मूक आहे, आणि त्याच्या नायिकेचे बाजूला होणे हसतमुखाने होणार नाही.

५

सुगिको अखेर घर सोडते. त्यानंतर मद्याच्या धुंदीत मोटार हाकणाऱ्या हिरोशीला अपघात होतो आणि तो मरणोन्मुख अवस्थेत रुग्णालयात आहे, असे कळल्यावर ती तेथे जाते. कथेच्या जुन्या संकेतानुसार पुढचा प्रसंग ठरलेला आहे : मृत्युशय्येपाशी पश्चात्ताप, क्षमा, समेट, सासूचे डोळे पाणावतात, सुनेला कुळात जागा मिळते, पती समाधानाने डोळे मिटतो. नारुसे प्रेक्षकाला या अपेक्षेच्या उंबरठ्यापर्यंत आणतात आणि तेथेच ती मोडतात. हिरोशीच्या शय्येपाशी उभी राहून सुगिको सासू आणि नणंद यांना उद्देशून बोलते. तिच्या बोलण्याचा आशय असा की, तुमचे प्रेम हिरोशीवर नाही, यामानोउची या नावावर आहे. त्या नावासाठी तुम्ही माझा आणि त्याचाही बळी दिला. एवढे बोलून ती जाते. तो तिला थांबवू पाहतो, तरी ती जाते. त्यानंतर त्याचा मृत्यू होतो.

या आरोपाचे तार्किक स्वरूप नीट पाहिले पाहिजे. ‘मला प्रेम हवे होते आणि तुम्ही कर्तव्य पुढे केले’, असे सुगिको म्हणत नाही. तसे म्हटले असते तर ‘निन्जो’च्या बाजूने ‘गिरी’विरुद्ध केलेले ते नेहमीचे निवेदन ठरले असते, आणि सासूजवळ त्याचे उत्तर तयार होते : भावना क्षणिक, कुळ चिरंतन. सुगिको सासूच्या कर्तव्यालाच भावनेच्या कसोटीवर लावते. कुळाविषयीच्या निष्ठेला अर्थ असतो तो कुळातील माणसांमुळे. माणसाला मारून राखलेली निष्ठा ही गिरी नव्हेच. ओसानने सवतीसाठी वस्त्रे गहाण टाकली, ती गिरी होती. कारण तिच्यात समोरच्या माणसाच्या जीविताची चिंता होती. यामानोउचींच्या घरात उरली आहे ती कायद्याने बळकट केलेली, पण आतून पोकळ झालेली तिची आकृती. अशा रीतीने या मूकपटातील बंडखोर नायिका परंपरेच्या विरोधात उभी नसून, परंपरेचा मूळ अर्थ तिच्याच बाजूला आहे, असे म्हणावे लागते.

दुसरी गोष्ट वाणीची. बाहुलीनाट्यात स्त्रीचे दुःख तायूच्या कंठातून येई, आणि तायू पुरुष असे. बेन्शींमध्ये काही स्त्रिया होत्या, तरी बहुसंख्य पुरुषच होते. पण चित्रपटाच्या पट्टीवर लिहिलेली संवादपाटी कोणा बेन्शीची नसते, ती पात्राची असते. रुग्णालयातील प्रसंगात सुगिकोचा आरोप लिखित शब्दांत पडद्यावर येतो. बेन्शी त्यात रंग भरू शकतो, पण तो बदलू शकत नाही. आज हा मूकपट पुष्कळदा बेन्शीविना पाहिला जातो. तेव्हा उरतात त्या दोनच गोष्टी : शिनोबु यांचा चेहरा आणि ती अक्षरे. उसन्या वाणीच्या दीर्घ परंपरेच्या टोकाशी एक स्त्री येथे स्वतःच्या शब्दांनिशी उभी आहे, असे याचे वर्णन केल्यास ते अतिशयोक्त होणार नाही.

६

या निरोपाचे वेगळेपण समकालीन कृतींच्या संदर्भात अधिक उठून दिसते. मिझोगुची केन्जी यांच्या ‘ताकी नो शिराइतो’ (१९३३) या मूकपटात, जो इझुमी क्योका यांच्या १८९४ सालच्या कथेवर आधारलेला आहे, जलक्रीडेचे खेळ करणारी नायिका एका तरुणाच्या कायद्याच्या शिक्षणासाठी आपली कमाई ओतते, त्यातून तिच्या हातून खून घडतो, आणि ज्याला तिने घडविले तोच न्याययंत्रणेचा अधिकारी म्हणून तिच्यासमोर येतो. शेवटी दोघांनाही मरावे लागते. ही चिकामात्सुंचीच वाट होय : प्रेम आणि कर्तव्य यांचा मेळ जिवंतपणी बसत नाही, म्हणून तो मरणात बसविला जातो. अशा मरणाचे सौंदर्य कोणी नाकारणार नाही. परंतु त्या सौंदर्यामुळे कर्तव्याची घडी न मोडता तशीच शिल्लक राहते, हेही खरे. प्रेमी युगुल मेले, नियम जगला.

सुगिको मरत नाही. पतीच्या मृत्यूत सहभागी होऊन ती त्याला अर्थ देत नाही, की विधवा म्हणून कुळाच्या नोंदीत जागाही मागत नाही. ती गिन्झाला, आपल्या पूर्वीच्या कामावर परतते. इब्सेनच्या ‘डॉल्स हाउस’चा जपानी प्रयोग १९११ मध्ये झाला होता आणि मात्सुइ सुमाको यांची नोरा पुष्कळ चर्चिली गेली होती. दार लावून नोरा कोठे गेली, हा प्रश्न तेव्हापासून जपानी लेखकांपुढे होता. सुगिको कोठे गेली, हे नारुसे दाखवितात : ती ग्राहकांना चहा देण्यास गेली. या उत्तरात वीररस नाही. स्वातंत्र्य म्हणजे येथे उजळ भविष्य नव्हे. थोडे वेतन, दुखणारे पाय आणि तोच पदपथ. हारादाचे प्रेम हुकले ते हुकलेच. ‘न संपणारी वाट’ या शीर्षकात आशा किती आणि थकवा किती, याचा निर्णय चित्रपट करीत नाही.

येथे एक आक्षेप संभवतो. मरणाऱ्या पतीला सोडून जाणे हे निष्ठुरपणाचे नव्हे काय? आक्षेप वजनदार आहे, आणि नारुसे त्याला बगल देत नाहीत. हिरोशीची असहायता ते पूर्णपणे पडद्यावर येऊ देतात. सुगिको थांबली असती तर त्याचे शेवटचे क्षण सुखाचे झाले असते. पण तिच्या थांबण्याचा सासूने काय अर्थ लावला असता? सून अखेर आपली जागा ओळखून परतली, एवढाच. तिच्या करुणेवर कुळाने ताबडतोब आपला शिक्का उठविला असता. करुणा आणि शरणागती यांत भेद करण्याची सोयच ज्या घराने ठेवली नाही, त्या घरात करुणेने वागणे अशक्य होते. ही या शोकात्मिकेची खरी मेख होय. हिरोशीला त्याची किंमत मोजावी लागते, आणि सुगिकोलाही.

१९४७ च्या संविधानाच्या २४ व्या कलमाने विवाह केवळ वधूवरांच्या परस्पर संमतीवर आधारलेला असेल असे जाहीर केले, आणि त्याच वर्षी दिवाणी संहितेतील ‘इए’ची व्यवस्था रद्द झाली. यामानोउचींच्या घराचा कायदेशीर पाया त्यामुळे नाहीसा झाला. पण नारुसे यांनी युद्धोत्तर काळात काढलेल्या बोलपटांतही कुळ, पैसा आणि स्त्रीचे श्रम यांचा गुंता सुटलेला नाही. संमतीचा अधिकार कायदा देऊ शकतो. सासूच्या नजरेवर त्याची सत्ता चालत नाही. ‘गिरी’ या शब्दासाठी भारतीय भाषांत प्रतिशब्द शोधणाऱ्याने म्हणून ‘धर्म’ आणि ‘कर्तव्य’ यांपाशी न थांबता ‘ऋण’ या शब्दाचा विचार करावा. कोणाचे ऋण, कोणी फेडायचे, आणि ते फिटले केव्हा समजायचे, हे तीन प्रश्न त्या शब्दाबरोबर आपोआप उभे राहतात. सुगिकोने त्यांपैकी तिसऱ्याचे उत्तर दिले : आपल्याकडून ते फिटले आहे, असे सांगून ती खोलीबाहेर पडली.